शेजाऱ्याकडे अर्धा खर्च मागणारी ऑनलाइन नोटीस-सेवा : काय मिळतं, काय निसटतं

न विचारता केलेल्या कामाचे पैसे शेजाऱ्याकडून मिळतात का? ऑनलाइन नोटीस-सेवांना विचारलं तर उत्तर फार पटकन ‘हो’ असं येतं. फॉर्म भरा, बिलं आणि फोटो चढवा, मसुदा वाचून दुरुस्त्या कळवा, मग वकिलाची सही होऊन नोटीस टपालात. कुंपणाची भिंत, दोन प्लॉटमधली संरक्षक भिंत, सामाईक गटार, दोन रो-हाऊसच्या मधल्या भिंतीचं वॉटरप्रूफिंग, शिवेवरचा ओढा, सगळ्यांना एकच पॅकेज. सेवांची नावं वेगळी, साचा एकच. त्यामुळे हे परीक्षण कुण्या एका दुकानाचं नसून त्या साच्याचं आहे.

निकाल आधीच सांगून टाकतो. कागद गोळा करून वेळेत टपालात टाकणारी यंत्रणा म्हणून सेवा चांगली. कायद्याचं काम म्हणून अर्धीमुर्धी. पाचपैकी अडीच, आणि त्यातले दोन टपालाचे.

कारण मसुद्याच्या मधल्या परिच्छेदात आहे. सुरुवात ठरलेली असते: ‘माझे अशील यांचे सांगण्यावरून व दिले अधिकारावरून तुम्हांस या नोटिशीने कळविण्यात येते की...’ मग कामाचं वर्णन, खर्चाचा आकडा, आणि नंतर ते वाक्य: ‘सदर कामामुळे तुमच्या मिळकतीस फायदा झालेला असल्याने भारतीय करार कायदा, १८७२ चे कलम ७० अन्वये निम्मा खर्च देणे तुमच्यावर बंधनकारक आहे.’ कलम बरोबर आहे. वाक्य चूक आहे.

कलम ७० चं सार असं: एका माणसाने दुसऱ्यासाठी कायदेशीरपणे काही केलं किंवा त्याला काही दिलं, ते फुकट करण्याचा त्याचा इरादा नव्हता, आणि दुसऱ्याने त्याचा लाभ उपभोगला, तर दुसऱ्याने भरपाई द्यायची किंवा मिळालेली गोष्ट परत करायची. करार नसला तरी चालतो. म्हणूनच हे कलम करारासारख्या संबंधांच्या प्रकरणात आहे. पण कलमात ‘फायदा झाला’ असं कुठेही नाही, ‘उपभोगला’ असं आहे. दावा उभा राहतो की बसतो, ते याच दोन क्रियापदांमधल्या अंतरावर ठरतं.

सर्वोच्च न्यायालयाचा या कलमावरचा पायाभूत निकाल पश्चिम बंगाल सरकार विरुद्ध बी. के. मंडल अँड सन्स हा, एआयआर (ऑल इंडिया रिपोर्टर) या निकालसंग्रहात १९६२ मध्ये छापलेला. न्यायमूर्ती गजेंद्रगडकरांनी लिहिलेला आहे आणि आजही वाचायला स्वच्छ आहे. ठेकेदाराने सरकारी खात्यासाठी बांधकाम केलं, खात्याने ते वापरलं, पण सरकारी करारासाठी कायद्याने ठरवलेल्या नमुन्यातला करार झालेला नव्हता. पैसे मिळाले. मात्र तिथेच न्यायालयाने म्हटलं की ज्याला वस्तू दिली किंवा ज्याच्यासाठी काम केलं, त्याला ते नाकारण्याची किंवा परत करण्याची मुभा असते. त्याने स्वेच्छेने स्वीकारलं, उपभोगलं, तरच देणं उभं राहतं. आता ही कसोटी भिंतीला लावून बघा. कुरिअरने आलेला डबा परत पाठवता येतो. शिवेवर उभी राहिलेली भिंत शेजारी परत कशी करणार?

ही अडचण जुनी आहे. १८५६ साली इंग्लंडमध्ये टेलर विरुद्ध लेअर्ड या खटल्यात न्यायाधीश पोलॉक यांनी विचारलं होतं की एकाने दुसऱ्याचे जोडे पुसून ठेवले, तर तो ते पायात घालण्यापलीकडे काय करणार? स्कॉटलंडमधल्या, १९०९ च्या निकालसंग्रहात छापलेल्या निकालात लॉर्ड डुनेडिन यांनी दिलेलं उदाहरण शेजाऱ्यांचंच आहे: एकजण आपलं घर तापवतो आणि शेजाऱ्याला आयती ऊब मिळते, म्हणून शेजाऱ्याला त्या उबेचं बिल पाठवता येत नाही. १८८८ मध्ये अमेरिकेतल्या मेन राज्यात एका खाणवाल्याने आपल्या खाणीतलं पाणी पंपाने उपसलं, लगतची खाणही कोरडी झाली, आणि त्याने उपशाचा वाटा मागितला. मिळाला नाही. पंप स्वतःच्या खाणीसाठी चालत होता.

याच्या उलट आपल्याकडचा निकाल १८९४ चा, मद्रास उच्च न्यायालयाचा, दामोदर मुदलियार यांच्या प्रकरणातला. एका तलावाच्या पाण्यावर ११ गावं भिजत होती, काही सरकारी, काही जमीनदारांची. तलाव टिकवायला डागडुजी गरजेची होती, ती सरकारने केली आणि जमीनदारांकडे वाटा मागितला. इथे कलम ७० लागू पडलं. खाणीत आणि तलावात फरक काय? खाणी दोन होत्या, तलाव एकच. तो दोघांच्या पाण्याचा होता, दुरुस्ती टाळण्यासारखी नव्हती, आणि जमीनदार त्याच तलावाचं पाणी घेत राहिले. शेजाऱ्याविरुद्धचा तुमचा दावा खाणीच्या बाजूला पडतो की तलावाच्या, एवढं ठरवलं की निम्मं काम झालं. नोटीस-सेवेचा फॉर्म नेमका हाच प्रश्न विचारत नाही.

फॉर्म

फॉर्ममध्ये असतं ते असं: तुमचं नाव-पत्ता, शेजाऱ्याचं नाव-पत्ता, कामाचा प्रकार, तारीख, एकूण खर्च, आणि ‘शेजाऱ्याला काय फायदा झाला?’ अशी एक मोकळी चौकट. या चौकटीत लोक हमखास लिहितात, ‘त्याच्या प्लॉटची किंमत वाढली.’ सगळ्यांत कच्चा मुद्दा तोच. कागदावर वाढलेली किंमत त्याने अजून उपभोगलेली नाही, आणि ती किती तुमच्या भिंतीने आणि किती समोरच्या नव्या रस्त्याने वाढली ते कुणालाच वेगळं काढता येत नाही.

त्या चौकटीत यायला हवी ती वापराची खूण. शेजाऱ्याने आपलं जुनं तारेचं कुंपण काढून भंगारात घातलं का? तुमच्या भिंतीला अँगल ठोकून पत्र्याची शेड टेकवली का? तुम्ही टाकलेल्या ड्रेनेजच्या चेंबरला आपला पाइप जोडला का? मुरूम पडलेल्या वाटेकडे नवं फाटक उघडलं का? यातलं एकही ‘हो’ असेल तर ‘भिंत माझ्या माथी मारली’ हा त्याचा बचाव लंगडा पडतो, कारण वापरायचं की नाही ही निवड त्याने केलेली असते. तारखेसह फोटो, पाइप जोडला त्या दिवशीचा प्लंबरचा निरोप, शेडच्या सांगाड्याचा फोटो; हे कागद बिलापेक्षा मोलाचे.

दुसरा गहाळ प्रश्न: काम सुरू व्हायच्या आधी कळवलं होतं का आणि कसं? तोंडी कळवलं असेल तर कुणासमोर? व्हॉट्सअ‍ॅपवर कळवलं असेल तर तो संवाद फोन बदलण्याआधी उतरवून ठेवा. पुढे न्यायालयात लावताना भारतीय साक्ष्य अधिनियम, २०२३ च्या कलम ६३ खालचं प्रमाणपत्र जोडावं लागतं आणि मूळ फोन हातात असेल तर ते सोपं जातं. शेजारी नुसता गप्प बसला म्हणजे होकार झाला, असं नाही. पण ‘तुमच्या वाट्याचा खर्च घेणार आहे’ असं पत्र त्याच्या हातात, काम त्याच्या डोळ्यांसमोर, आणि नंतर बिनदिक्कत वापर, ही साखळी जुळली तर गप्प बसण्यालाही अर्थ येतो. उलट त्याने ‘मला नको, माझं कुंपण आहे’ असं लेखी कळवलं असेल आणि नंतर तो त्या भिंतीला शिवलाही नसेल, तर नोटिशीवर पैसे घालू नका. हे सेवेने फॉर्मच्या पहिल्याच पानावर सांगायला हवं. सांगत नाही, कारण मग फॉर्म पुढे भरला जाणार नाही.

तिसरा: काम कुणाच्या जागेत आहे? कलमातला ‘कायदेशीरपणे’ हा शब्द इथे चावतो. भिंत फूटभर शेजाऱ्याच्या हद्दीत गेली असेल तर खर्च मागायला गेलेला माणूस अतिक्रमणाच्या प्रतिदाव्यात सापडतो, आणि भिंत पाडण्याचा मनाई-आज्ञार्थी हुकूम मागायला शेजाऱ्याला आपणच निमित्त देतो. म्हणून नोटिशीच्या आधी भूमी अभिलेख खात्याची मोजणी आणि तिची ‘क’ प्रत, म्हणजे हद्दी दाखवणारा अधिकृत मोजणी नकाशा. खासगी सर्व्हेअरचा नकाशा समजून घ्यायला ठीक, भांडायला अपुरा. ओढ्याचं तर आणखी अवघड. महाराष्ट्र जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम २० प्रमाणे खासगी मालकीचे नसलेले नदी-नाले शासनाचे. परवानगीशिवाय नाल्यात जेसीबी उतरवून दोन्ही काठांचं भलं केलं, तरी पहिला प्रश्न तुम्हालाच विचारला जाईल.

आणि चौथा प्रश्न, ज्यावर निम्म्याहून जास्त मागण्या गळायला हव्यात: हे काम करणं मुळात तुमचंच कर्तव्य होतं का? संरक्षक भिंतीचं उदाहरण घ्या. दोन प्लॉट मूळचे एका पातळीत होते. तुम्ही दीड मीटर भराव टाकला आणि तो शेजाऱ्याकडे ढासळू नये म्हणून भिंत घातली. शेजाऱ्याला ‘फायदा’ एवढाच की तुमची माती त्याच्या अंगणात येत नाही. हा फायदा नव्हे, तुमच्याच कामाने निर्माण झालेला धोका तुम्ही आवरलात. नैसर्गिक उतार असेल, जुना बांध दोघांचा असेल आणि तो फुटून दोन्हीकडची माती जात असेल, तर गोष्ट वेगळी. ती तलावाच्या जवळ जाते. रो-हाऊसच्या मधल्या भिंतीचंही तसंच. ओल तुमच्या न्हाणीघराच्या फुटक्या पाइपातून येत असेल तर वॉटरप्रूफिंगचा वाटा कसला मागता? ओल कुठून येते याचा प्लंबरकडून किंवा इंजिनिअरकडून लेखी अहवाल आधी घ्या. फॉर्म मात्र ‘वॉटरप्रूफिंग’ एवढा शब्द वाचून मसुदा तयार करतो.

शेजारी कोण, हाही प्रश्न फॉर्म नावापुरता विचारतो. सात-बारावर किंवा मालमत्ता पत्रकावर अज्ञान (म्हणजे १८ वर्षांखालच्या) वारसाचं नाव असेल तर कलम ७० त्याच्यावर चालत नाही. अज्ञानाला पुरवलेल्या गरजेच्या वस्तूंसाठी कलम ६८ आहे, आणि तुमची भिंत त्यात बसवणं अवघड. शेजारी भाडेकरू असेल तर ‘लाभ कुणी उपभोगला’ याचं उत्तर मालक आणि भाडेकरू यांच्यात वाटलं जातं. दोघांना नोटीस द्यावी लागते. एकाच गृहनिर्माण संस्थेतला सभासद किंवा स्वतः संस्था समोर असेल तर वाद महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियम, १९६० च्या कलम ९१ खाली सहकार न्यायालयात जाण्याचा संभव असतो, दिवाणी न्यायालयात नाही. शेजारी शासन असेल तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस. १५ दिवसांची मुदत टाकलेला तयार मसुदा तिथे कुचकामी.

मसुदा

भाषा बरी असते. मराठी नोटीस मागितली तर मराठीत मिळते, हे या सेवांचं खरं कौतुक. चुका तीन जागी होतात आणि त्या ठरलेल्याच आहेत.

पहिली: ‘आपल्यात तोंडी ठरल्याप्रमाणे’ हे शब्द साच्यात आधीच बसवलेले असतात. ठरलं असेल तर तो करार. मग मागणी करारावर जाते आणि तो शाबीत करावा लागतो. ठरलं नसेल तर कलम ७०. दोन्ही मागण्या एकमेकींना पर्यायी म्हणून मांडता येतात, पण ‘पर्यायाने’ हा शब्द लिहावा लागतो. एकाच परिच्छेदात ‘ठरलं होतं’ आणि ‘ठरलं नसलं तरी’ असं सरमिसळ लिहिलं की शेजाऱ्याचा वकील उत्तरात तेवढंच वाक्य अधोरेखित करतो.

दुसरी: कलमांची खिचडी. कलम ७० च्या शेजारी कलम ६९ आणि मालमत्ता हस्तांतरण कायदा, १८८२ चं कलम ५१ शोभेला लावलेली असतात. ५१ हे अशा खरेदीदारासाठी आहे, जो जमीन आपलीच समजून सद्भावनेने सुधारणा करतो आणि नंतर मालकी दुसऱ्याची निघाल्याने बाहेर काढला जातो. शेजाऱ्याच्या भिंतीशी त्याचा संबंध नाही. ६९ मात्र योग्य ठिकाणी उपयोगाचं आहे: जे पैसे भरायला शेजारी कायद्याने बांधलेला होता आणि जे न भरल्यास तुमचं नुकसान होणार होतं, ते तुम्ही भरले असतील तर. समजा, सामाईक भिंत धोकादायक ठरवून महापालिकेने दोन्ही मालकांना नोटीस काढली (मुंबईत १८८८ च्या महापालिका कायद्याचं कलम ३५४), ते काम पालिकेने केलं आणि त्याचं सगळं बिल तुम्ही भरलं; इथे ६९ पुढे आणि ७० पर्यायाने. पालिकेची नोटीस दोघांच्या नावावर असेल तर याच्याइतकी भक्कम केस या प्रकारात दुसरी नाही. तयार साच्यात या प्रसंगासाठी वेगळा मसुदा नसावा, हे नवलच.

तिसरी: धमक्या. ‘फसवणुकीचा गुन्हा दाखल करू’, ‘नोटिशीची प्रत तुमच्या कार्यालयात पाठवू.’ हा दिवाणी वाद आहे. असल्या ओळी काढून टाकायला सांगा. त्यांनी पैसे येत नाहीत, अब्रुनुकसानीचं उत्तर येतं.

यापलीकडे एक ओळ मसुद्यात जवळपास कधीच नसते आणि ती फुकट आहे: व्याजाची. व्याज कायदा, १९७८ च्या कलम ३ प्रमाणे, लेखी दस्ताने ठराविक तारखेला देय नसलेल्या मागणीवर व्याज हवं असेल तर ‘अमुक तारखेपासून व्याज मागणार’ असं लेखी कळवावं लागतं. दाव्याआधीच्या काळाचं व्याज त्या तारखेपासून मोजलं जातं. ही एक ओळ नाही, तर तेवढ्या काळाच्या व्याजावर पाणी.

रकमेचा हिशोब

इथे सेवा सरळ भागाकार करते: एकूण बिल भागिले दोन. कलम ७० मध्ये मिळते ती वाजवी भरपाई. तुमचा खर्च हे तिचं एक वरचं टोक आहे, माप नव्हे. माप असं काढतात. समजा, ३० मीटर लांब, २.४ मीटर उंच, दगडी पाट्या लावलेली भिंत तुम्ही ६,००,००० रुपयांत बांधली. शेजाऱ्याला हवी असती तर १.५ मीटरची साधी भिंत पुरली असती. सार्वजनिक बांधकाम खात्याची दरसूची धरून इंजिनिअरकडून त्या साध्या भिंतीचं अंदाजपत्रक करून घ्या. समजा ते ३,००,००० आलं. त्याचा अर्धा वाटा १,५०,०००. त्याच्या बाजूला गिलावा केलेला नसेल तर तो खर्च वजा. त्याचं तारेचं कुंपण अजून चांगल्या स्थितीत असेल, तर त्याची वाचलेली गरजही तेवढीच कमी. वजावटी समजा ३०,०००, राहिले १,२०,०००.

सेवेच्या मसुद्यात ३,००,००० आणि नीट हिशोबात १,२०,०००. लोकांना वाटतं जास्त मागावं, मग तडजोडीत निम्म्यावर येऊ. इथे तो डाव उलटतो. पाट्यांचं बिल शेजाऱ्याच्या माथी मारणारी नोटीस वाचून वकील पहिला सल्ला ‘उत्तर देऊ नका, दावा करू दे’ असा देतो. अंदाजपत्रक जोडलेली छोटी रक्कम वाचून तो अशिलाला ‘किती देता?’ असं विचारतो.

जोडायचे कागद: मोजमापासह ठेकेदाराचं बिल, पैसे दिल्याच्या बँक नोंदी, साध्या कामाचं अंदाजपत्रक, काम सुरू होण्याआधीचे आणि नंतरचे त्याच कोनातून घेतलेले फोटो, ‘क’ प्रत. रोखीने दिलेल्या मजुरीला सह्यांची यादी नसेल तर ती रक्कम हिशोबातून काढलेली बरी.

संरक्षक भिंत असेल तर पाणी निघायला ठेवलेल्या वीप होलचं तोंड कुठे आहे ते तपासा. तोंड शेजाऱ्याकडे असेल आणि पावसाळ्यात त्याच्या अंगणात धार लागत असेल, तर त्याचा प्रतिदावा तुमच्या मागणीपेक्षा मोठा होऊ शकतो. हे नोटिशीआधी गवंडी लावून नीट करा.

टपाल आणि पाठपुरावा

हा सेवेचा खरा भक्कम भाग. पत्ता तपासतात, पावती आणि ट्रॅकिंगचा कागद सांभाळून देतात. एकच लक्षात ठेवायचं. १ सप्टेंबर २०२५ पासून टपाल खात्याने रजिस्टर्ड पोस्ट स्पीड पोस्टमध्ये विलीन केली आहे, पण जुन्या साच्यात अजून ‘रजिस्टर पोस्ट ए.डी.ने’ असंच छापलेलं सापडतं. पावतीवर जे आहे तेच नोटिशीत लिहून घ्या; पोहोचपावतीची सोय वेगळी मागा. पाकीट ‘घेण्यास नकार’ शेऱ्यासह परत आलं तर ते फोडू नका, तसंच ठेवा, तो पुरावा आहे. ‘पत्त्यावर राहत नाही’ असा शेरा आला तर मात्र नोटीस पोहोचलीच नाही असं धरून नवा पत्ता शोधा.

मसुद्यावर सही कुणाची, हेही पाहा. वकिलाचं पूर्ण नाव, पत्ता आणि सनद क्रमांक हवा. ‘लीगल टीम’ अशी सही म्हणजे साधं पत्र.

मुदतीबद्दल सेवेच्या पानावर काहीच नसतं, आणि लोक इथेच मार खातात. कलम ७० च्या मागणीसाठी मुदत कायदा, १९६३ मध्ये खास नोंद नाही. ती साधारणपणे शिलकी अनुच्छेद ११३ मध्ये धरली जाते, म्हणजे दाव्याचा हक्क उभा राहिल्यापासून तीन वर्षं. नोटीस पाठवल्याने ही मुदत एका दिवसानेही वाढत नाही. दरवर्षी दिवाळीनंतर एक ‘स्मरणपत्र’ पाठवायचं पॅकेज विकलं जातं, त्याचा मुदतीच्या दृष्टीने उपयोग शून्य. वाढते ती शेजाऱ्याने मुदतीच्या आत स्वतःच्या सहीने लेखी कबुली दिली तर, कलम १८ प्रमाणे. म्हणून ‘थोडे थांबा, कापूस विकला की देतो’ असं तो म्हणाला, तर त्या दोन ओळी कागदावर सहीसह घ्या.

उत्तर आल्यावर सेवा संपते. पॅकेजमध्ये प्रत्युत्तर क्वचितच असतं, आणि शेजाऱ्याचं उत्तर बहुधा याच तीन वाक्यांचं असतं: मी सांगितलं नव्हतं, मला गरज नव्हती, भिंत माझ्या हद्दीत आहे. पहिल्याला पत्र आणि वापराची खूण, दुसऱ्याला त्याने काढलेलं कुंपण किंवा जोडलेला पाइप, तिसऱ्याला ‘क’ प्रत. तिन्ही हातात असतील तर दावा करण्याआधी तालुका विधी सेवा समितीकडे दावापूर्व तडजोडीसाठी अर्ज करून बघण्यासारखा आहे. लोक अदालतीत मिटलं तर तो निवाडा दिवाणी न्यायालयाच्या हुकूमनाम्यासारखा अमलात आणता येतो. तिन्हीपैकी एकच असेल तर नोटिशीवरच थांबलेलं स्वस्त.

कुणी घ्यावी, कुणी नाही

सामाईक गोष्टीवर, म्हणजे दोघांची विहीर, दोघांची गटारलाइन, दोघांची भिंत, गरजेची दुरुस्ती झाली असेल आणि दुसरा ती वापरत असेल, तर सेवा घ्यावी. पालिकेच्या दोघांच्या नावच्या नोटिशीवर तुम्ही एकट्याने खर्च केला असेल, तरी घ्यावी. लेखी कळवून काम केलं आणि शेजाऱ्याने नंतर त्याला जोडणी घेतली असेल, तरीही. या तिन्ही ठिकाणी मसुदा वरीलप्रमाणे दुरुस्त करून घेतला तर पैसे वाया जात नाहीत. स्वतःच्या सोयीसाठी, स्वतःच्या जागेत, स्वतःच्या आवडीचं काम केलं आणि शेजाऱ्याला आयती सावली मिळाली, तर घेऊ नका. तालुक्याच्या न्यायालयातला दिवाणी वकील एका बसण्यात हेच सांगेल, आणि तो ‘क’ प्रत मागेल, जी फॉर्म मागत नाही.

काम अजून सुरू व्हायचं असेल तर नोटीस-सेवा बाजूला ठेवा आणि एक पानी पत्र लिहा. त्यात इतकंच: काम काय, कुठे, कोणत्या तारखेला सुरू, एकूण अंदाज किती आणि त्यातला शेजाऱ्याच्या गरजेपुरत्या कामाचा किती, त्याचा निम्मा वाटा मागणार आहोत, हरकत किंवा वेगळी सूचना असेल तर १५ दिवसांत लेखी कळवावी, भिंतीला टेका, जोडणी किंवा इतर वापर केल्यास वाटा मान्य असल्याचं समजलं जाईल. दोन प्रती, एकीवर शेजाऱ्याची पोहोच. सही द्यायला तयार नसेल तर तीच प्रत टपालाने. त्या प्रतीच्या मागे ठेकेदाराचं अंदाजपत्रक टाचायला विसरू नका, कारण वर्षभराने आकडा कुठून आला हे विचारलं जातं तेव्हा ठेकेदाराने वही बदललेली असते.